एकदाच घ्यायचा प्रसंग

३ नोव्हेंबर
पुन्हा शब्द गेला! संवाद तो केवढा — "दार लावून घे." दारापाशी उभा, आणि डोक्यात नुसतं धुकं. राइली, आमची दिग्दर्शिका, प्रत्येक प्रसंग एकदाच घेते. कौतुक जन्मात करत नाही. म्हणाली, "हं. पुढचं." बाकीच्यांना वाटलं, काय गहन अभिनय! आमच्या फिनलंडात गप्प राहणाऱ्याला कुणी आजारी समजत नाही. खोल समजतात.

५ नोव्हेंबर
धर्मशास्त्र अर्धवट सोडलं, कोटकाच्या बंदरात तीस वर्षं क्रेन चालवली, छप्पन्नाव्या वर्षी नट झालो. अभिनयाचं शिक्षण — शून्य. भीती त्याची नाही. आईला याच वयात सुरुवात झाली. चष्मा कॉफीच्या डब्यात सापडायचा. मग एकदा मलाच म्हणाली, "आपण कुणाकडे आलात?"

बायकोला, सिर्क्काला, सांगितलं. "अरे, लग्नाचा वाढदिवस तुला कधी आठवलाय? बायकोला विसरणं हा रोग नव्हे, नवरेपणा!" हसली. मग माझ्या तोंडाकडे पाहून थांबली.

८ नोव्हेंबर
राइलीला सांगायलाच हवं. सांगितलं तर काढेल. नाही सांगितलं तर तिचा सिनेमा बुडेल. उद्या सांगतो.

९ नोव्हेंबर
नाही सांगितलं.

११ नोव्हेंबर
झाला! भावाच्या दफनानंतरची कॉफी, मी उभा राहून आलेली शोकपत्रं वाचतो, तो प्रसंग. नऊ पत्रं, मग पाठ केलेलं भाषण. मध्ये दोनदा अडलो. राइलीनं थांबवलं नाही. "हं. पुढचं." सिनेमात भावाच्या विधवेचं काम करणारी आउने नंतर म्हणाली, "ताइस्तो, तुझ्या त्या स्तब्धतेनं मला खरंच रडू आलं, मेल्या!" उद्या फक्त धक्क्यावरून चालायचं. एकही शब्द नाही. सुटलो!

१२ नोव्हेंबर, दुपार
आज अखेर तो शोकपत्रांचा प्रसंग! पहाटेपासून भाषण घोकत होतो. हॉलवर पोचलो तर मंडळी खुर्च्या उचलत होती. मला पाहून थबकली. "धक्क्यावर नाही गेलास?" आउनेनं विचारलं. मी म्हटलं, "आधी भावाला पुरू दे, बाई!" कुणी हसलं नाही. राइली हळूच म्हणाली, "बसा सगळे. जागेवर."

कॉफीच्या टेबलावरचा सँडविचचा केक अर्धाच होता. राइलीची काटकसर, दुसरं काय! मेणबत्तीही थोटकी.

पण मी! नऊ पत्रं, अख्खं भाषण, एक अक्षर चुकलं नाही. सगळे इतके शांत, इतके खिळलेले! आउनेचे डोळे तर वाहतच होते. राइलीनं येऊन माझा हात धरला, बराच वेळ सोडला नाही. "सुंदर झालं, ताइस्तो." राइली! कौतुक!

भीती उगाचच बाळगली. ठणठणीत आहे मी.

१२ नोव्हेंबर, संध्याकाळ
सिर्क्काला भाषणाचं वाचून दाखवायला वही उघडली. चुकून कालचं पान निघालं.

अक्षर माझंच आहे.