तुळशीरामला हाक

१८ मार्च, ऊर्जानगर
पहिली पाळी करून क्वार्टरवर आले तर बैठकीच्या गुरू सोनाबाईंचा फोन. नऊ वर्षांत पहिल्यांदाच.
"सुलभा, तुझा भाऊ बैठकीवरून उठून नाई राह्यला. काल सकाळी बसला. माझ्या हाकेले ओ नाई त्याची."
म्हटलं, बाई, मी तुमच्यातली राहिले नाही आता.
"तू नसशील. तुझा आवाज तर हाये ना?"
रजा टाकली. कारण लिहिलं, भाऊ आजारी. खोटं तरी कसं म्हणू.

१९ मार्च, कुरखेड्याच्या पुढं
दोन बस बदलल्या, तिथून मधुकरच्या गाडीवर. मधुकर एस.टी.वर ड्रायव्हर, आमच्यातलाच. वाटेत बाया मोहफुलं वेचत होत्या, ओळखीची एक हसली. मला हसता आलं नाही.
तुळशीराम बाईंच्या ओसरीत सागाच्या खांबाला टेकून बसलेला. डोळे अर्धे उघडे. श्वास चालू, पण इतका सावकाश की दोन श्वासांच्या मधे मी आकडे मोजत बसते. बाई चमच्यानं ओठ ओले करतात.
जग पदरापदराचं, प्रत्येक पदरात तेच गाव वेगळं घडलेलं, हे बाईंनीच शिकवलं. ह्या पदरातून त्या पदरात जायचं, पाहायचं, ऊन डोक्यावर यायच्या आत परतायचं. अंग इथंच राहतं. जवळ हाकारी बसतो, नाव घेऊन बोलावतो. सहा वर्षं तु.ची हाकारी मी. मग एका सकाळी तीन हाका मारूनही तो आला नाही. चौथीला आला, पण माझा धीर सुटला आणि मी नोकरी धरली. माझ्या जागी त्यानं दुसरं कोणी घेतलं नाही. बाईच हाक मारत आल्या.

२० मार्च
सूर्य वर आला तशी सुरुवात केली. पहिल्या हाकेला काही नाही. दुसरीला बोट हललं. तिसरीला ओठ.
"ताई."
मी म्हटलं, ये आता.
"वंदना हाये इथी. ह्या पदरात ती त्या दिवशी बांधीवर गेलीच नाई. चाय करून राह्यली."
वंदना त्याची बायको. चार वर्षांमागं धान कापताना साप चावला. कुरखेड्याच्या दवाखान्यात पोचायच्या आधीच गेली.
पुन्हा हाका मारल्या. ओ नाही. बाई म्हणाल्या, "हा अडकला नाई, सुलभा. थांबला. अडकला असता तर बरं होतं."
दुपारी आरोग्य केंद्रातली सिस्टर आली, मधुकरनं बोलावली. नाडी पाहून माझ्यावरच ओरडली. "ताई, अंगातलं पाणी संपून राह्यलं याचं. हलवा याले." बाई आडव्या आल्या. "जागा बदलली तर तो येईन कुठी?" शेवटी डॉक्टरांना फोन करून तिनं तिथंच सलाईन लावलं, वाशाला बाटली टांगून. परवा सकाळपर्यंत शुद्धीवर आला नाही तर गाडी घेऊन येते म्हणाली, मग कोणाचं ऐकणार नाही.
तिचं चुकतंय असं मला म्हणता येत नाही. बाईंचंही.

२१ मार्च
पल्लवी आली. तु.ची एकुलती एक, चंद्रपूरला कॉलेजात, दुसरं वर्ष. मी कळवलं नव्हतं, मधुकरनं कळवलं, वंदनाचंही. बापाच्या पायांशी बसून राहिली. मग माझ्याकडं वळून:
"आई जित्ती हाये तिथी, आन तू मले सांगितलं नाई?"
मी चहा पुढं केला.
तिनं घेतला नाही. थोड्या वेळानं म्हणे, मी जातो तिथी. "तुझी हाक त्याले ऐकू येते आत्या, पण तो येत नाई. मी समोर जाऊन उभी राहीन. मले पाहून तरी उठन."
म्हटलं, आणि आईला पाहून तूच थांबलीस तर?
"दहावीत होती मी, आई गेली तवा," एवढंच म्हणाली. हे उत्तर नव्हे.
बाईंशी भांडले. मोठ्यानं, अंगणात, सगळ्यांसमोर. बाई मला बोलू देत राहिल्या. मग म्हणाल्या, वाट अजून उघडी हाये, पोरगी बापाच्या गुडघ्याले गुडघा लावून बसली तर पोचन. पण आणताना एका हाकेत एकच नाव. पहिला परतला का वाट मिटाले लागते. दुसरी हाक लगेच मारायची, पोचली तर पोचली.
म्हणजे दोघांतून एक मी निवडायचं.
प. ला हे सांगितलं. ती म्हणे, "बाबाचं नाव आधी घेजो." शपथ घे म्हणाली. घेतली नाही.

२२ मार्च
प. उजाडताच बसली. अर्ध्या तासात मान खाली गेली. अंगणातल्या येनाच्या झाडावर ऊन चढेपर्यंत हाक मारायची नाही, बाईंनी बजावलंय. हाताला काम हवं म्हणून लिहितेय.
पोरीच्या गालांवरून पाणी वाहतंय आणि ती हसतेय. आत्ताच म्हणाली, "आई." एकदाच.
सिस्टरची गाडी आली. मधुकर अंगणात तिला हात जोडतोय, दहा मिनिटं द्या.
तु. हलला. पाच दिवसांत पहिल्यांदा हात उचलला. सलाईनची नळी ताणली. प.चं मनगट धरलं. गच्च, बोटं पांढरी पडलीत. तो तिला इकडं ढकलून राहिलाय का तिकडं ओढून, कळत नाही. बाईंनाही नाही, त्यांचं तोंड पाहिलं मी.
ऊन येनावर आलं.
"घे नाव," बाई म्हणतात.
तुळशीराम, रागावू नको बाबा. आधी पोरीचं घेते. तुझं लगेच, जमलं तर त्याच श्वासात. वही ठेवते.