आठ नंबरची बदली

मी, खाली सही करणारा, या फुटबॉल क्लबचा एकेकाळचा मिडफिल्डर आणि आजचा मॅनेजर, माझ्या पश्चात काय कुणाला द्यावं ते स्वखुशीने लिहून ठेवतो. डोकं ठिकाणावर आहे. डॉक्टरांचा तसा दाखला सोबत जोडला आहे. पुढचा मजकूर वाचून कुणाला शंका आलीच, तर त्याने आधी तो दाखला वाचावा. यापूर्वी मी मृत्युपत्र केलेलं नाही. लग्नही केलं नाही, त्यामुळे भांडायला फारसं कुणी नाही.

१. राहतं घर, आतल्या सामानासकट, माझ्या दिवंगत थोरल्या भावाच्या पत्नीला, म्हणजे वहिनींना द्यावं. स्वयंपाकघराचं दार फुगलं आहे, खांदा लावून ढकलावं लागतं. "मला कुणाचे उपकार नकोत," असं त्या म्हणणारच. त्यांना सांगावं, दादा असता तर घर आम्हा दोघा भावांच्या नावावर असतं.

२. बँकेतली शिल्लक क्लबच्या मुलींच्या संघाला द्यावी. त्यांच्या कपडे बदलायच्या खोलीला आधी धड कडी बसवावी.

३. दादा आणि मी एकाच संघात मध्यभागी खेळायचो. त्याचा नंबर आठ, माझा सहा. मधल्या खेळाडूला पाठीलाही डोळे लागतात. मला ते नव्हते, म्हणून दादा ओरडायचा, "मागे!" म्हणजे कुणीतरी पाठीवर आलंय, चेंडू सोड. एका धुक्याच्या दुपारी तो धावता धावता मधल्या वर्तुळात खाली बसला आणि मग आडवा झाला. हृदय बंद पडलं होतं. त्याला उचलून नेलं आणि क्लबच्या अध्यक्षांनी सामना पुढे चालू करायला लावला. "लोक बसलेत," म्हणाले. सबब, माझ्या शोकसभेत अध्यक्षांना खुर्ची द्यावी, माईक देऊ नये.

त्याच सामन्याच्या उरलेल्या वेळात माझ्या डाव्या खांद्याशी आवाज आला, "मागे!" सवयीने मी चेंडू सोडला. पाठीमागून आलेल्याची लाथ हवेत गेली. वळून पाहिलं, तर डावीकडे नुसतं गवत.

पुढे मी कप्तान झालो. पेपरवाले लिहायचे, याला न बघता सगळं दिसतं. मला काहीच दिसत नव्हतं, ऐकू येत होतं. गुडघा गेला त्या दिवशीही आवाज आला होता, पण मी वैतागून "पुरे आता!" म्हणालो आणि चेंडू धरून ठेवला. खेळणं तिथेच संपलं. मग कोच झालो, मग मॅनेजर. बाकावर बसू लागल्यापासून आवाज बंद झाला. वाटलं, सुटलो.

४. माझी शिट्टी आणि खेळाडू लावायचा चुंबकांचा फळा आमच्या गोलकीपरला द्यावा, आणि मॅनेजरपदासाठी त्याचाच विचार व्हावा. तो लांबून आलेला, दादाबद्दल त्याला कुणी काही सांगितलेलं नव्हतं. आल्या आल्या एका सरावानंतर त्याने विचारलं, "साहेब, मैदानाच्या मधून 'मागे' म्हणून कोण ओरडतं?"

"असेल कुणीतरी आपल्यातलाच."

"आपल्यातल्यांचे आवाज ओळखतो की मी. हा कुणी वेगळाच आहे. आणि त्याला धाप लागलेली असते."

मी जेवलो नाही त्या दिवशी.

त्यानंतरच्या सामन्यात समोरच्या मॅनेजरने तक्रार केली, की आमचे बारा जण खेळतायत. रेफरीने खेळ थांबवून मोजले. अकराच. सामना संपल्यावर रेफरी माझ्याजवळ येऊन हळूच म्हणाला, "उभे असले की अकरा भरतात हो. धावायला लागले की बारा होतात."

५. हे सगळं मी वहिनींना जाऊन सांगितलं. त्या भाजी चिरत होत्या. सुरी खाली ठेवली.

"भाऊजी, ते माझं नाव घेतात का कधी?"

"नाही. नुसतं 'मागे' म्हणतो."

त्यांनी चिरलेली भाजी बाजूला सारली. मग म्हणाल्या, "दमले असतील. तुम्ही मॅनेजर ना? मग त्यांना बाहेर बोलवा."

काल शेवटचा सामना होता. दादा गेल्यापासून वहिनींनी मैदानात पाऊल टाकलं नव्हतं. काल त्या टॉवेल घेऊन रेषेपाशी उभ्या राहिल्या. मी चौथ्या पंचाला सांगितलं, "आठ नंबर बाहेर."

"साहेब, आठ नंबर तुमच्याकडे कुणी घालतच नाही."

"तरी दाखवा."

त्याने बदलीची पाटी वर धरली. प्रेक्षकांत काहीजण हसले, मग हसू विरून गेलं. कारण मधल्या वर्तुळापासून रेषेपर्यंत दोन्ही संघांचे खेळाडू आपोआप बाजूला सरकत होते, एखाद्याला वाट करून द्यावी तसे. वहिनींनी दोन्ही हातांनी टॉवेल पुढे केला. परत घेतला तेव्हा तो ओला होता. त्यांनी तोंड त्यात लपवलं आणि तशाच बाहेर निघून गेल्या. मी हाक मारली नाही.

चौथा पंच पाटी धरून तसाच उभा होता. "साहेब, आत कोण?"

मी हात हलवून खेळ सुरू करायला लावला. त्यानंतर आमच्या पोरांनी तीनदा चेंडू डावीकडच्या रिकाम्या जागेत दिला आणि तिन्ही वेळा तो तसाच रेषेबाहेर गेला. प्रत्येक वेळी सगळ्यांनी माझ्याकडे पाहिलं.

६. माझ्या देहाचं काय करायचं ते वहिनींनी ठरवावं. अट एकच, पायात खेळायचे बूट असावेत आणि लेस घट्ट बांधलेली असावी. गुडघा वाकत नाही, तिथे गेल्यावर मला बांधता येणार नाही.

हे सर्व मी वाचून, समजून, दोन्ही साक्षीदारांसमोर सही केली आहे.

सही: मॅनेजर

साक्षीदार पहिला: क्लबचा फिजिओ
साक्षीदार दुसरा: रेफरी (मजकुराशी सहमत)

स्थळ: राहतं घर, पुढची खोली
दिनांक: हंगामाच्या शेवटच्या सामन्याचा दुसरा दिवस