गार्ड बदलला, गाडी पुढे

बाबा, तुमची खिशातली वही गेल्या आठवड्यात माझ्याकडे आली. दादाने घर रंगवायला काढलं तेव्हा माळ्यावरच्या पेटीत सापडली म्हणे, आणि टोकियोला येणाऱ्या कुणा ओळखीच्यांबरोबर त्याने ती पाठवून दिली. सोबत वहिनीचं लिंबाचं लोणचं होतं आणि 'तुला उपयोग होईल, तुझ्याच विषयाची आहे' अशी चिठ्ठी. लोणच्याला लगेच हात घातला, वहीला सात दिवस लावला नाही. तुम्हाला जाऊन दहा वर्षं होऊन गेली, आता ह्या एवढ्याशा वहीत मला घाबरण्यासारखं काय असणार, असं स्वतःला दटावून आज सकाळी, घरात कुणी नसताना, ती उघडली. आणि शेवटून तिसऱ्या पानावर तो दिवस निघाला.

असल्या वह्या मी लहानपणापासून बघत आले. भुसावळच्या क्वार्टरमध्ये दाराशी तुमची काळी लोखंडी पेटी असायची, तिच्यात निशाणं, कंदील, शिट्टी. मालगाडीच्या शेवटच्या डब्यात रात्रंदिवस एकटे बसून आलात की हातपाय धुवून तुम्ही स्वयंपाकघरात भिंतीला टेकायचात आणि आई भाकरी थापत असताना वही पुरी करायचात. कुठलं स्टेशन, किती वाजता, किती थांबली. शेवटचा रकाना कारणाचा. तो रकाना रिकामा ठेवलेला तुम्हाला चालत नसे. आई म्हणायची, "आधी जेवा, गाडी काही पळून जात नाही." तुम्ही म्हणायचात, "गाडी गेलीच आहे गं. मागे राहतं ते कारण."

आणि तो फलाटावरचा प्रसंग. मी आठ-नऊ वर्षांची असेन. तुमचा डबा घेऊन आले होते. एका बाईने बोचकं सावरत मला विचारलं, "ही खांडव्याला जाते का गं?" गार्डची मुलगी असल्याच्या तोऱ्यात मी "हो" म्हणून मोकळी झाले. गाडी नागपूरची होती. तुम्ही धावत जाऊन बाईंना उतरवलंत आणि मग सगळ्या हमालांसमोर मला उभं केलंत. आवाज चढवला नाहीत. "ठाऊक नसेल तर ठाऊक नाही म्हण. गाडीच्या बाबतीत अंदाजाने बोलायचं नाही. तुझ्या शब्दावर माणूस गाडीत बसतो." माझे कान तापले होते. दुसऱ्या दिवशी तुम्ही जुनं, कडा फाटलेलं टाइमटेबल आणून माझ्या पुढ्यात टाकलंत आणि म्हणालात, "आता हे वाच." मी आज जी कोणी आहे ती त्या फाटक्या पुस्तकामुळे, हे लोकांना सांगताना मला फार बरं वाटतं. हमालांचा भाग मी गाळते.

टोकियोत येऊन मी ह्या शहराच्या उपनगरी गाड्यांच्या इतिहासावर काम करायला लागले, तेव्हा दादा हसला होता. "बापाने गाड्या चालवल्या, ही वाचत बसणार." भूकंप झाला त्या दिवशी दुपारी सगळ्या गाड्या जागच्या जागी थांबल्या. मी विद्यापीठातून आमच्या कोतोतल्या घरापर्यंत चालत आले, माझ्यासारखी अख्ख्या शहरभर माणसं चालत होती. फोन लागला तेव्हा आई नुसती रडत होती. तुम्ही तिच्या हातातून फोन घेऊन विचारलंत, "पोर बरी आहे ना? जावई? बरं. आणि गाड्या कधी सुरू झाल्या?" मला तेव्हा रागच आला होता. आता कळतं की धीर द्यायला तुमच्याकडे दुसरी भाषाच नव्हती.

पुढच्या वर्षी आई गेली, आणि त्याच्या पुढच्या वसंतात तुम्ही तीन महिन्यांच्या व्हिसावर आमच्याकडे आलात. ठरलं असं होतं की सगळं जमलं तर दर वर्षी यायचं, नातीला शाळेतून आणायचं, मला कामाला थोडी मोकळीक मिळेल आणि तुम्हाला घर रिकामं वाटणार नाही. तुम्हाला हे किती हवं होतं ते तुम्ही बोलला नाहीत, पण आल्या आल्या आठ दिवसांत शाळेचा रस्ता पायाने मोजून ठेवलात. फलाटावर तुम्ही नेहमी मागच्या टोकाला जाऊन उभे राहायचात, शेवटच्या डब्यातल्या गार्डला बघायला. पांढरे हातमोजे घातलेला तो पोरगा फलाटभर बोट फिरवून मोठ्याने 'सगळं ठीक' म्हणतो, मग दार लावतो. "बघ, एकटा असला तरी मोठ्याने बोलतो," तुम्ही म्हणालात. "चूक तोंडातून बाहेर पडली की कानाला कळते." घरी आल्यावर नात बोट फिरवून दाखवायची आणि तुम्ही तिला मार्क द्यायचात.

स्वयंपाकघरात तुम्ही मटार सोलत बसायचात आणि मी तुम्हाला माझा विषय सांगायचे. कंपन्यांनी आधी माळरानात रूळ टाकले आणि मग रुळांच्या कडेचे प्लॉट विकले, लाइनच्या शहराकडच्या टोकाला मोठ्ठं दुकान बांधलं, म्हणजे रविवारीही गाडी भरलेली जावी. तुम्ही म्हणालात, "म्हणजे जागा विकायला गाडी! आमच्याकडे माणूस आधी, गाडी मागाहून, तीही उशिरा." मग मी सांगितलं की जुन्या काळी बाहेरून येणारी प्रत्येक लाइन शहराभोवतीच्या गोल लाइनवर येऊन संपायची, पुढे शहराची ट्राम, सगळ्यांनी उतरून बदलायचं. गर्दी इतकी झाली की शेवटी भुयारी रेल्वे आणि ह्या कंपन्या एकमेकींना जोडल्या. आता गाडी तीच, रूळ दुसऱ्याचे. तुम्ही विचारलंत, "मग गार्ड कुठल्या कंपनीचा?" मी म्हटलं, "हद्दीवरच्या स्टेशनात बदलतो." तुम्ही मान डोलावलीत, जसं काही शेजारच्या घरातलंच बोलणं चाललं होतं.

एवढं सगळं मी स्वतःच्या तोंडाने सांगितलं होतं, हे तुम्ही लक्षात घ्या. म्हणजे मीच घेते.

तुमचे जावई वाईट नाहीत, पण ते प्रोजेक्टवाले आहेत, सगळ्याची चाचणी लागते. तुम्ही एकदा प्लास्टिकच्या कचऱ्याच्या वारी ओला कचरा खाली ठेवला होता, एकदा किल्ली दारालाच विसरलात. ते म्हणाले, "आय मीन, मला काही प्रॉब्लेम नाही. पण पोरीला आणायचं म्हणजे रिस्क आहे ना? एकदा बाबांना एकट्यांना ट्रेनने तुझ्याकडे येऊ दे. मग बघू." तुम्ही ते ऐकलंत आणि म्हणालात, "बरोबर आहे त्यांचं. ट्रायल घेतल्याशिवाय गाडी सोडत नाहीत."

त्या दिवशी मी आधी निघाले. मोठ्या स्टेशनात भेटायचं, जेवायचं आणि मग ग्रंथालयातले जुने नकाशे तुम्हाला दाखवायचे, असा बेत होता. बूट घालता घालता मी म्हटलं, "बाबा, एकच गाडी आहे, बदलायची नाही. शेवटच्या स्टेशनला उतरा. मी तिकिटाच्या फाटकाशी उभी असते." तुम्ही म्हणालात, "शेवटचं स्टेशन. बरं." इतकंच. गेले दोन महिने मी जुन्या नकाशांत बुडालेली होते. माझ्या डोक्यातल्या शहरात ते मोठं स्टेशन दोन्ही बाजूंनी शेवटचंच होतं. खऱ्या शहरात गाडी तिथे मिनिटभर थांबते, गार्ड आणि ड्रायव्हर उतरतात, दुसऱ्या कंपनीचे चढतात, एकमेकांना सलाम करतात, आणि तीच गाडी पुढे तासभर पलीकडच्या प्रांतात जाते. मी रोज त्याच गाडीने जायचे, रोज त्याच स्टेशनात उतरायचे, पुढे काय होतं यावर लेख लिहायचे.

फाटकाशी मी पावणेअकरापासून उभी होते. गाडीमागून गाडी आली. माणसं बाहेर पडायची, फाटक टिक टिक वाजायचं, आणि त्यांत तुमची तपकिरी टोपी नसायची. तुमचा फोन इथे चालत नव्हता. खिडकीतल्या बाईंना विचारलं, त्यांनी वाकून माफी मागितली आणि खालच्या फलाटावर माणूस पाठवला, त्याने येऊन पुन्हा वाकून माफी मागितली. तासाभराने मला भिंतीवरचा नकाशा दिसला, म्हणजे तो तिथे होताच. आमच्या लाइनचा रंग त्या स्टेशनात बदलत होता आणि रेघ पुढे चालली होती, बोटभर, वीतभर. पळत जावं तर कुठे जावं? थांबवावी तर कुठली गाडी? तेवढ्यात फोन वाजला. तुमच्या खिशातल्या घरच्या पत्त्याच्या कागदावरून शेवटच्या स्टेशनातल्या लोकांनी माझा नंबर घेतला होता. "आपले वडील आमच्या ऑफिसात आहेत, अगदी ठणठणीत आहेत."

मी पोचले तेव्हा तुम्ही स्टेशनमास्तरांच्या खोलीत चहा पीत होतात. तुमचं पेन्शनरचं रेल्वे ओळखपत्र टेबलावर होतं आणि दोन तरुण कर्मचारी ते आदराने बघत होते. तुम्ही मला बघून उठलात. "तू म्हणालीस तसं शेवटच्या स्टेशनला उतरलो," इतकंच म्हणालात. परतीच्या गाडीत मोठं स्टेशन आलं, गार्ड बदलला, तुम्ही ते बघितलंत. मग हळूच म्हणालात, "गार्ड बदलला म्हणजे गाडी संपत नाही ना. मी बसून राहिलो." मी खिडकीबाहेर बघत होते. बाहेर भुयाराची भिंत होती.

संध्याकाळी जेवताना नातीने विचारलं, "आजोबा, माइगो?" तुम्ही अर्थ विचारलात तेव्हा ती म्हणाली, "स्टेशनवर हरवलेलं छोटं बाळ." सगळे हसले, तुम्हीही. मग तुमचे जावई मला म्हणाले, "ॲक्च्युअली तू त्यांना सांगितलं काय होतंस?" आणि मी, भाताचं भांडं हातात धरून, म्हणाले, "स्टेशनचं नाव लिहून दिलं होतं की चिठ्ठीवर. खिशातच राहिली असेल." अशी कुठलीही चिठ्ठी नव्हती, खिशात होता तो नुसता घरचा पत्ता. तुम्ही एकदाच वर बघितलंत. मला वाटलं आता बोलाल, आणि खरं सांगते, बोलावं असंही वाटलं. तुम्ही वाटी पुढे केलीत. "थोडी आमटी वाढ गं," म्हणालात.

त्यानंतर कुणी काही ठरवलं नाही, पण 'पुढच्या वर्षी या' असं विमानतळावर मीही म्हटलं नाही. जावयांनी दादाला काळजीपोटी फोन केला, "थोडं कन्फ्युजन व्हायला लागलंय त्यांना." दादा भला माणूस, त्याने लगेच तुमची सायकल विकून टाकली. सकाळी स्टेशनवरच्या बाकावर रिटायर्ड मंडळींत जाऊन बसायचात, तेही बंद झालं, कारण सोबत यायला कुणी नसायचं. रविवारी मी फोन करायचे. "बरं चाललंय. घरातच असतो," तुम्ही म्हणायचात, आणि मग, "गार्ड अजून बोट दाखवतात ना?" किती रविवार होते, बाबा. प्रत्येक रविवारी मी मनाशी ठरवायचे आणि शेवटी 'औषधं घेता ना' असं विचारून फोन ठेवायचे. दुसऱ्या हिवाळ्यात तुमच्या छातीत कफ झाला. मी निघाले तोवर तुम्ही होतात, पोचले तेव्हा नव्हतात. तेराव्याला आलेली माणसं म्हणत होती, "शेवटी शेवटी त्यांना समजत नव्हतं. जपानलाच सुरू झालं म्हणे." मी त्यांना चहा देत होते.

तर ते पान. तुमचं बारीक, उजवीकडे झुकलेलं अक्षर. '१०.४७ मोठं स्टेशन. गार्ड बदलला. नवा गार्ड तरुण, हात नीट दाखवतो. गाडी पुढे.' मग एकेक स्टेशन, नावं वाचता येत नव्हती म्हणून नुसते आकडे आणि वेळा, एक मिनिटही चुकलेलं नाही, मी माझ्याकडच्या त्या वर्षीच्या टाइमटेबलशी ताडून पाहण्याचा निलाजरेपणासुद्धा केला. '११.४१ शेवटचं स्टेशन. उतरलो.' ज्याला समजत नव्हतं त्या माणसाने हे लिहिलंय. आणि टोकाला कारणाचा रकाना. तो तुम्ही रिकामा ठेवला नाहीत. तिथे लिहिलंय, 'प्रवाशाची चूक.'

पेन्सिल घेऊन बसले होते, ते खोडायला. तुमच्या वहीत खाडाखोड करायचा धीर झाला नाही. दुपारी दादाचा फोन येऊन गेला, वही मिळाली का, काही कामाचं निघालं का. मी म्हटलं, "हो, छान आहे." मग आम्ही भुसावळच्या उन्हाबद्दल बोललो.

हे पत्र खरं तर त्यालाच लिहायला घेतलं होतं. वरती 'दादा' लिहिलेलं खोडलंय, कागद उजेडात धरला तर दिसतं. तुमचं नाव घातलं, कारण तो उलट विचारेल, आणि तुम्ही आमटीच मागाल.