माझी बंदी आणि दादाची बंदी

सावेडी, मंगळवार संध्याकाळ

काय चिडचिड होतेय आज! मॅच अर्धवट सोडली म्हणून मोबाईलवरच्या गेमने माझ्यावर उद्यापर्यंत बंदी घातली. खालच्या मजल्यावरच्या लोंढे काकूंची शुगर एकदम कमी झाली होती. त्यांची हाक आली आणि मी मोबाईल तसाच टाकून पळाले. घामाने गार पडलेल्या हाताने त्यांनी माझं मनगट घट्ट धरलं. साखरपाणी पाजलं, त्यांचा मुलगा येईपर्यंत बसले. आता बऱ्या आहेत. पण हे गेमला कोण सांगणार?

तिसगावचा मावसभाऊ, प्रकाशदादा, माझ्याच टीममध्ये होता. मी गेले आणि आमची टीम हरली. मला वाटलं, ओरडेल. फोन करून काकूंचं सांगितलं, तर नुसतं 'बरं' म्हणून त्याने फोन ठेवला. थोड्या वेळाने त्याचाच फोन.

"मीबी आत्ता एक मॅच मधनंच सोडली. मलाबी बंदी. तू एकटी न्हाईस आता."

आधी हसू आलं. मग लगेच राग.

"दादा, तुझ्याबरोबर खेळणाऱ्यांचं काय?"

"आगं, अनोळखी पोरं हुती ती. लई काय मनावर घेतीस?"

अनोळखी! काकूंचा तो गार हात अजून मनगटावर जाणवतोय. मी निदान त्या हातासाठी उठले. हा कशासाठी उठला? माझ्यासाठी? बंदी असते ती असल्या सोडून जाण्यासाठीच ना? त्या पोरांना वाटलं असेल, बिचाऱ्याच्या घरी काहीतरी झालं असेल.

दादाची माया कळतेय मला. तरी 'बरं केलंस' म्हणवलं नाही. फोन ठेवल्यापासून नुसती घरभर फिरतेय.