नानांनी न वापरलेलं टेबल

ती. ताईस,

तुझ्या दोन्ही गुडघ्यांसह घरातल्या सर्वांना नमस्कार. गुडघ्यांची चौकशी आधीच करून ठेवतो, पुढे राहून जाईल. भावजींचा माझ्यावरचा राग कसा आहे?

पंचवीस वर्षांत मी एकोणीस लेखक, दोन पडके पूल आणि एक विहीर यांच्यावर माहितीपट केले (त्यातल्या त्यात विहिरीनं माझं ऐकलं). शेवटचे लेखक म्हणजे आपले कादंबरीकार नाना. नाना स्वयंपाकघराच्या दारात जमिनीवर बसून, मांडीवर फळी घेऊन लिहायचे. लिहिलेलं ओट्यापाशी उभ्या काकूंना वाचून दाखवायचे आणि काकू "हे खोटं वाटतंय" म्हणाल्या की निमूट खोडायचे. मला मात्र लेखक म्हटला की टेबल, दिवा आणि खिडकीबाहेर बघणं लागतं (एकोणीसही जण बघतात, तिघांच्या खिडकीबाहेर भिंत होती). म्हणून तुझं शिसवी टेबल टेम्पोत घालून नेलं, त्यांच्या बाहेरच्या खोलीत खिडकीपाशी मांडलं आणि नानांना त्यामागे बसवलं. "अहो, इथे मला काही सुचत नाही," म्हणाले बिचारे. मी म्हटलं, "सुचायला कशाला हवं? नुसतं बाहेर बघा." त्याच माहितीपटाला बक्षीस मिळालं.

नाना गेले, हे तुला कळलंच आहे. आता त्यांच्या घराचं स्मारक होतंय आणि समितीनं माझा माहितीपट पुरावा मानून बाहेरची खोली सजवायला घेतली आहे. स्वयंपाकघर पाडून तिथे तिकीटखिडकी येणार. मी खरं काय ते सांगायला गेलो, तर अध्यक्षांनी मलाच माझा माहितीपट लावून दाखवला. मग काकूंनी बोलावून एवढंच विचारलं, "आम्ही दोघं बोलत बसलेलो कुठे आहे का रे त्यात?" आमच्या कॅमेरामननं ते टिपलं होतं, चांगलं वीस मिनिटं. कार्डात जागा हवी म्हणून मी पुसायला लावलं आणि त्या जागेत आणखी थोडी खिडकी घेतली. काकूंना तसं सांगितलं. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं. त्यांनी चहा दिला. ताई, मला फार वाईट वाटतंय गं.

तुझा धाकटा

ता. क. समितीची माणसं गुरुवारी टेबल न्यायला येतील. दारात भावजींना उभं कर.

ता. क. २ : खरं काम हे. टेबलाला ओरखडा पडेल म्हणून तू त्या दिवशी टेम्पोत बसून आली होतीस. आम्ही खिडकीशी खटपट करत होतो, तेव्हा तू स्वयंपाकघरात नाना-काकूंपाशी बसून मोबाइलवर काहीबाही काढत होतीस. मी सगळ्यांदेखत हसलो होतो. ते आहे का गं अजून? हललेलं असलं, मध्ये तुझा अंगठा आला असला, तरी चालेल.

ता. क. ३ : सापडलं तर मला पाठवू नकोस, थेट काकूंना पाठव. माझ्या हातात आलं की मी त्यातलं काहीतरी कापेन.