बाबांचं पाऊण तासाचं बोलणं

तेल्हारा,
१३ नोव्हेंबर २००६

प्रिय पायल,

तुझं पत्र पोचलं. बाबांच्या पहिल्या स्मृतिदिनाला त्यांचं कॅसेटवरचं बोलणं सगळ्यांना ऐकवायचं, आईनं त्यासाठी शेजारच्या किसनरावांचा टीव्हीही सांगून ठेवलाय, हे वाचलं आणि चार दिवस उत्तर लिहायचं टाळलं. तुझा दादा असाच, अंगाशी आलं की गप्प.

इथं खोली घेऊन एकटाच राहतो. पूर्णाकाठच्या खारपाणपट्ट्यावरच्या माहितीपटाचं लिखाण अजून रखडतंय. दिवसभर माणसं भेटतात. खारट विहिरी, वाळलेली कपाशी, गाव सोडून गेलेली घरं, सगळं सांगतात. संध्याकाळी खोलीवर आलं की बोलायला कुणी नाही. स्टोव्ह पेटवतो, खिचडी टाकतो, उभ्याउभ्याच खातो. तुमची फार आठवण येते गं.

बाबांनी या पट्ट्यात उभं आयुष्य विहिरी खोदल्या. मातीचं ढेकूळ जिभेवर ठेवून खाली पाणी गोडं लागेल की खारं, ते सांगायचे. म्हणूनच त्यांना कॅमेऱ्यासमोर बसवलं होतं. आधी लाजले, मग पाऊण तास थांबेनात. "माती खोटं नाई बोलत बाप्पा, फक्त तिले चाखा लागते," असं काहीतरी म्हणाले. काहीतरी म्हणतोय, कारण नेमके शब्द आता आठवत नाहीत.

आमच्या कामाची रीत अशी, की बोलणं कागदावर उतरवून घेतलं की कॅसेट पुन्हा वापरायची. बाबा गेले त्याच्या महिनाभर आधी त्यांच्या कॅसेटवर मी नदीकाठचे करकोचे टिपले. वाटलं, बाबा काय, घरचेच. पुन्हा कधीही बसवू.

कॅसेट नाही, पायल. बाबांना पोचवून आलो त्या दिवशी तुला 'जपून ठेवलीय' म्हणालो, ते खोटं होतं. कागद तेवढे आहेत, पण तिथंही मी शहाणपणा केला. त्यांचं सगळं बोलणं पुस्तकी करून लिहिलं. 'येथील भूजल क्षारयुक्त आहे.' आपला बाप असं कधी बोलला होता का? शनिवारी पहिल्या एसटीनं ते कागद घेऊन येतोय. आईला मीच सांगेन, तू फक्त तिच्याजवळ बस. आणि तिचं रडून झालं की मी एकेक वाक्य वाचतो; बाबा ते कसं म्हणायचे, तेवढं तुम्ही दोघी मला सांगा.

तुझाच,
ललितदादा