विमानात अडकलेले एक्केचाळीस मेसेज

तीर्थरूप ताईस,

धाकट्याचा साष्टांग नमस्कार. (एरवी आपण हे शब्द लिहून मोकळे होतो. या वेळी मी दार लावून खरोखर घातला, आणि उठताना स्टुलाचा आधार घ्यावा लागला. गुडघा म्हणजे काय चीज असते ते तुझ्याइतकं नाही, पण थोडं कळलं.) तुझा गुडघा कसा आहे? डाव्याचा भार उजव्यावर टाकत चालू नकोस, नाहीतर तोही संपावर जाईल. भाऊजींचा खोकला थांबला का? मी बरा आहे. म्हणजे अंगाने बरा आहे. बाकी मी किती बरा आहे ते तुझ्या फोनवर एक्केचाळीस मेसेजांत लिहून आलेलंच आहे, आणि त्यासाठीच हे पत्र.

आधी मुद्द्याचं सांगतो, कारण पुढे मी भरकटणार हे तुला माहीत आहे. गुडघ्याच्या ऑपरेशनसाठी पंधरा दिवस येशील का असं तू विचारलंस, त्यावर मी 'येतो' असंच म्हटलं होतं. पहिल्याच दिवशी, पहिल्याच मेसेजात. ते 'येतो' नऊ दिवस माझ्याच खिशात फिरत राहिलं. त्यानंतरचं सगळं रद्द समज आणि तेवढं एक खरं धर.

तुला माझी नोकरी ठाऊक आहे, पण माझी खोली तू पाहिलेली नाहीस. कान तपासायची खोली म्हणजे आतून स्पंज लावलेलं मोठं कपाट. आत पेशंट हेडफोन लावून बसतो, काचेच्या बाहेर मी. मी यंत्रातून बारीक बारीक 'टूं' सोडायचा, त्याने ऐकू आलं की बटण दाबायचं. जवळ फोन असला की यंत्रात खरखर येते असं डॉक्टरीणबाईंचं ठाम मत आहे, म्हणून पेशंटचा फोन डब्यात आणि माझा एअरप्लेन मोडवर, असा दंडक. ते विमानाचं चित्र दाबलं की फोन साऱ्या जगाशी अबोला धरतो. कॉल येत नाही, जात नाही, मेसेजही तसेच. घड्याळ, गजर, टॉर्च मात्र व्यवस्थित चालू असतात, त्यामुळे फोन रुसलाय हे कळतच नाही. (आपले भाऊजी रुसतात तेव्हाही जेवायला वेळेवर येतात, तसंच.) बारा वर्षं मी सकाळी हे चित्र दाबतो आणि जेवणाच्या सुट्टीत पुन्हा दाबून काढतो. बारा वर्षांत एकदाच चुकलो.

त्या मंगळवारी तुझा मेसेज दवाखान्याच्या जिन्यात वाचला. आनंद झाला ग. तू आजवर माझ्याकडे काही मागितलेलं मला आठवत नाही. उत्तर निवांत लिहू म्हणून आत गेलो, फोन एअरप्लेन मोडवर टाकला, आणि समोर आले एक निवृत्त बसचालक. या गृहस्थांना त्यांचा मुलगा गाडीला हात लावू देत नव्हता, म्हणून त्यांना कसंही करून पास व्हायचं होतं. मी आवाज सोडला की ते बटण दाबत. मी आवाज नाही सोडला तरी दाबत. मध्ये मला शिंक आली म्हणून मी यंत्रावरून हात काढला, तर तेवढ्यात त्यांनी सात वेळा दाबून घेतलं. मी म्हटलं, काका, आवाज नव्हता. ते म्हणाले, "तुम्हाला ऐकू आला नसेल." यावर आमचं अर्धा तास वाजलं. त्या तावातच मी चहा प्यायलो, त्या तावातच तुला लिहिलं, 'येतो. पंधरा दिवस कशाला, महिनाभर राहतो', आणि त्याच तावात विमान काढायचं विसरलो.

मेसेजपुढे एक बारीकसं घड्याळ दिसत होतं. मी समजलो, ताईला सध्या वेळ नाही, सवड झाली की बघेल. आता कळलं की त्याचा अर्थ मेसेज अजून निघालेलाच नाही असा असतो. आणि वरच्या कोपऱ्यातलं विमान? तेही मला रोज दिसत होतं. पण मी त्याच सकाळी दवाखान्यात मोठ्याने म्हणालो होतो, बसने नऊ तास लागतात, विमानाने गेलं पाहिजे. हल्ली हे फोन आपलं बोलणं ऐकून जाहिराती दाखवतात म्हणतात. मला वाटलं, काय तिखट कान आहेत याचे, लगेच विमान दाखवलं! माझ्या पेशंटांपैकी एकालाही इतकं ऐकू येत नाही. त्या जाहिरातीला बळी पडायचं नाही म्हणून मी त्या चित्राला मुद्दाम हात लावला नाही, रोज सकाळी दाबायच्या वेळीही नाही.

बरं, बाकीची लक्षणंही अशी चांगली की शंका कशी यावी? बॅटरी तीन-तीन दिवस टिकायला लागली. मी शेजारच्यांना सांगितलं की फोन कसा वापरतो यावर असतं ते. कर्जवाल्यांचे, विमावाल्यांचे फोन बंद झाले, तेव्हा वाटलं की शेवटी कंटाळले. हवामान रोज स्वच्छ ऊन दाखवत होतं. ते मंगळवारचंच ऊन होतं, पण मला काय माहीत? शुक्रवारी धो धो पाऊस कोसळत असताना मी फोनवर विश्वास ठेवून छत्री घरी ठेवली आणि दवाखान्यात पोचलो तेव्हा माझ्या बुटांतून पाणी ओतावं लागलं. तरीही मी दोष पावसाला दिला.

फक्त तुझं उत्तर येत नव्हतं. दुसऱ्या दिवशी मी विचारलं, मिळाला का. तिसऱ्या दिवशी लिहिलं, हा मेसेज मिळत नसेल तर तसं कळव. (हसू नकोस. मी ते पूर्ण गांभीर्याने लिहिलं होतं.) एकदा फोनही लावला. तेव्हा पडद्यावर एक लांबलचक सूचना आली. फोनच्या सूचना मी वाचत नाही, कुणीच वाचत नाही, खालचं 'ठीक आहे' दाबतो. दाबलं, आणि फोन गप्प. मी समजलो की तू कापलास. मग मात्र माझं डोकं फिरलं. माणूस महिनाभर राहतो म्हणतो आणि बहीण साधं बरं म्हणत नाही! महिना जास्त झाला असेल. मी नकोसा झालो असेन. आणि एकदा का मनात हे आलं की जुनं काय काय आठवतं ते तुला सांगायला नको, तू वाचलंच आहेस. लहानपणी तू माझे केस विंचरताना किती ओढायचीस, इथपासून मी सुरुवात केली. रागात माणूस फार चिकाटीने लिहितो. चाळीस मिनिटांत सहा मेसेज लिहिल्याचं मला आठवतं, आणि त्यातल्या दोन वाक्यांवर तर मी खूशही झालो होतो.

त्यात सोमवारी दवाखाना रंगकामासाठी बंद. सगळ्यांना मेसेज मिळाला होता, फक्त मला नाही. मी कुलूप लावलेल्या दारासमोर पायरीवर दोन तास बसलो. रंगारी आला, त्याने माझ्याकडे पाहिलं आणि मी रांगेत पहिला आहे असं समजून मला बाजूला सरकायला सांगितलं. जगात आपल्याला कुणी विचारत नाही अशी माझी तिथे पक्की खात्री झाली, आणि पायरीवर बसल्या बसल्या मी एक्केचाळिसावा मेसेज लिहिला. तेवढा मला शब्दशः आठवतो. 'मी येत नाही. तुझं तू बघ.' ताई, हे लिहिणारा हात माझाच होता, ते मी नाकारत नाही.

गुरुवारी एक निवृत्त शिक्षिका तपासणीला आल्या. त्यांना कानाशी ढोल वाजवला तरी जेमतेम कळतं. त्या खुर्चीत बसायच्या आधीच ओरडल्या, "तुमचा फोन का लागत नाही? सून चार दिवस करतेय!" ज्या बाईंना फोनची घंटा ऐकू येत नाही त्यांनी मला सांगितलं की माझी घंटा वाजत नाही. मी म्हटलं, चालू आहे की. त्यांनी फोन हातातून घेतला, चष्मा कपाळावर चढवला आणि बाहेरच्या सगळ्या पेशंटांना कळेल अशा आवाजात म्हणाल्या, "अहो, विमान काढा ना!" आणि स्वतःच बोट लावलं.

पुढच्या मिनिटाचं वर्णन मला जमणार नाही. फोन टेबलावर थरथरत सरकायला लागला. इकडून माझे एक्केचाळीस सुटले, तिकडून साचलेले आत घुसले. दवाखान्याचे, सुनेचे, विमावाल्यांचे, आणि मधेमधे तुझे. 'तारीख ठरली. येतोस ना?' 'अरे उत्तर दे.' 'जमत नसेल तर नणंदेला बोलावते, सांग तसं.' आणि रविवारचा एक, 'मला भीती वाटते रे.' ताई, माझ्या पन्नास वर्षांत तू भीती हा शब्द माझ्यापुढे उच्चारला नाहीस. एकदाच उच्चारलास, आणि त्याच्यावर माझं उत्तर गेलं ते 'तुझं तू बघ'. मी कपाटात जाऊन दार लावून घेतलं. त्या खोलीत काही ऐकू येत नाही म्हणतात, पण स्वतःचं सगळं ऐकू येतं.

मग शहाणपणा सुचला की मेसेज पुसता येतात. सगळे निवडले आणि पुसले. पुसल्यावर स्वागतकक्षातल्या बाईंनी सांगितलं की मी ते फक्त माझ्या फोनवरून पुसले, तुझ्याकडे आहेत तसे आहेत. म्हणजे आता पुरावा सगळा तुझ्याकडे आणि मला गुन्हासुद्धा नीट आठवत नाही. तुला सोळा वेळा फोन केला. सतराव्यांदा भाऊजींनी उचलला. म्हणाले, "ती बोलायची नाही. आणि मेसेज तर पाठवूच नकोस बाबा, टिंग वाजलं की उशी फेकते. पत्र लिही. पाकिटात एकच मावतं." म्हणून हे पत्र.

तर अंदाजाने माफी मागतो. केसांबद्दल लिहिलं ते खोटं, तू हळूच विंचरायचीस, मीच मान हलवायचो. तू मला कधी आपलं मानलं नाहीस असं कुठेतरी लिहिलंय. ते लिहिताना मला तापात तू रात्र रात्र उशाशी बसलेली आठवत होतीस आणि तरी मी लिहिलं, याची मला लाज वाटते. बाकीच्यांत जे काही असेल ते सगळं मागे घेतो. तू रागावलीस ते बरोबर आहे. माझा आग्रह नाही. तू बोलावशील तेव्हाच मी येईन, नाहीतर इथूनच तुझं बरं चिंतीन.

तुझा,
धाकटा

ता. क. : चौदावा किंवा पंधरावा मेसेज भाऊजींच्या घोरण्याविषयी असावा. तो त्यांना दाखवू नकोस. दाखवला असशील तर त्यांच्या आवाजात फरक का पडला नाही ते कळव.

ता. क. २ : वर 'तू बोलावशील तेव्हाच येईन' लिहिलंय ते बाणेदार दिसतं म्हणून. पोस्टात खिडकीवरच्या बाई म्हणाल्या, पोचायला चार दिवस. तुझं ऑपरेशन परवा. तेव्हा पत्र पेटीत टाकलं नाही, घेऊन बसमध्ये बसलो आहे. अक्षर हलतंय ते रस्त्यामुळे.

ता. क. ३ : तुझ्या इमारतीखाली उभा आहे. भाऊजी दूध आणायला उतरले, मला पाहून नुसता हात पुढे केला. पाकीट त्यांच्याकडे देतो आहे. नणंद आली असेल तर राहू दे तिला, मी कुठेही पथारी पसरीन. तुझ्या रविवारच्या मेसेजला उत्तर द्यायचं राहिलं होतं, ते हे : मलाही वाटते ग, म्हणून आलो. वाचून झालं की खिडकीत ये. वर ये म्हण, नाहीतर शिव्या घाल, पण तोंडाने आणि मोठ्याने. तुझा आवाज ऐकल्याशिवाय मी इथून हलत नाही.